मावसाजींचं ‘ते’

अख्ख्या बालाघाट जिल्ह्यात माझ्या मावसाजींइतका पाहुण्यांना घाबरणारा माणूस सापडणार नाही, आणि चार दिवस दारात पाहुणा दिसला नाही तर त्यांच्याइतका कासावीस होणाराही नाही. ही दोन्ही टोकं एकाच अंगरख्यात कशी मावतात हे बघायचं असेल, तर थंडीत त्यांच्याकडे एक रात्र मुक्काम करावा. मुक्काम करणाऱ्यांची तशी कमी नाही. मावसाजींचं घर बैहरच्या रस्त्याला लागून आहे, आणि बैहरच्या पुढे कान्हाचं जंगल. त्यामुळे नागपूर, अमरावती, थेट पुण्यापर्यंतच्या आमच्या नातेवाइकांना वाघ बघायची इच्छा झाली की त्यांना आधी मावसाजी आठवतात. साडूच्या व्याह्यांचे शेजारीसुद्धा ‘तुमच्याबद्दल खूप ऐकलंय’ म्हणत बॅगा घेऊन उतरतात, रात्री जेवतात, झोपतात आणि सकाळी नाश्ता करून वाघाकडे रवाना होतात.

मावसाजींची सगळी नोकरी जंगल खात्याच्या कचेरीत गेली. काही वर्षं तर बैहरलाच होते. पण आयुष्यात त्यांनी एकदाही वाघ पाहिलेला नाही. पाहुण्यांनी विचारलं की ते चष्मा काढून पुसतात आणि म्हणतात, “मले नाई दिसला. पण त्यानं मले पाह्यलं असन बरेच खेपा. म्या काही ओळख वाढवली नाई.” तरीही पाहुण्यांना कोणत्या नाल्यापाशी गाडी हळू घ्यायची, कोणत्या रंगाचा शर्ट घालायचा नाही, हे ते इतक्या अधिकारवाणीनं सांगतात की पाहुणे बिचारे रात्रीतून शर्ट बदलतात. आदल्या संध्याकाळीच ते प्रत्येकाला आंघोळीची वेळ ठरवून देतात. घरात बोलतात आपली बोली, पण शिस्तीचा विषय निघाला की मध्य प्रदेशी कचेरीतली हिंदी उसळून वर येते. एकदा माझा नवरा ठरल्या वेळेपेक्षा जास्त न्हाणीघरात राहिला, तर बाहेरून गंभीर आवाज आला, “कृपया अनावश्यक विलंब न करें.” तो साबण न धुताच बाहेर आला.

या सगळ्या गडबडीत मावशी कुठे असायची? स्वयंपाकघरात. पाहुणे यायच्या आधी, पाहुणे असताना आणि गेल्यावरही. सकाळी अंधारात उठून पोहे, पुऱ्या, आलूची भाजी, मुलांसाठी काही गोड, वाटेसाठी डबा. पुढच्या खोलीत मावसाजींचं वाघपुराण रंगायचं आणि आतून कढईचा चर्र आवाज यायचा. ही व्यवस्था कोणालाच खटकत नव्हती, मावसाजींनाही नाही. मग एका हिवाळ्यात त्यांच्या पुतण्याची नवी बायको पहिल्यांदा घरी आली. एक रात्र राहिली, सकाळी भरपेट पुऱ्या खाऊन, पाया पडून गाडीत बसली. गाडी वळणाआड गेली तेव्हा मावशी हात पुसत फाटकापाशी आली आणि तिनं सहज विचारलं, “गेले का? पोरगी चांगली वाटली. नाक कसं होतं वो तिचं?”

मावसाजी हसणार होते. पण मावशी थट्टा करत नव्हती. नव्या सुनेला तिनं रात्री मंद दिव्यात वाढलं होतं आणि सकाळी तिच्या वाकलेल्या पाठीवर हात ठेवला होता. तेवढंच. तिला खरोखरच नाक माहीत नव्हतं. मावसाजी म्हणाले, “सरळ होतं,” आणि घरात जाऊन बसले. त्या दिवशी ते पेपर उलटा धरून बसले होते असं मावशी सांगते. दुसऱ्या दिवशी त्यांनी जाहीर केलं की यापुढे या घरात पाहुणे असताना सकाळी कोणीही स्वयंपाकघरात दिसता कामा नये. “तत्काल प्रभाव से,” असंही पुढे जोडलं.

“मंग खातीन काय ते? हवा?” मावशीनं विचारलं.

त्या प्रश्नातून मावसाजींच्या आयुष्यातलं दुसरं पर्व सुरू झालं. मुलं लहान असताना केक करायला म्हणून घेतलेला एक गोल ॲल्युमिनियमचा ओव्हन माळ्यावर होता, झाकणाला काचेची छोटी खिडकी असलेला. तो त्यांनी खाली काढला, चिंचेनं घासला आणि प्रयोगाला बसले. जन्मात ज्यांनी चहासुद्धा उतू न घालवता केला नव्हता, त्यांनी असा पदार्थ शोधायचा होता जो आदल्या संध्याकाळीच तयार करून ठेवता येईल, रात्रभर गुपचूप बसेल आणि सकाळी आपला आपण भाजला जाईल. पहिला प्रयोग मधून कच्चा राहिला. दुसरा इतका कडक झाला की कापायला नारळाचा कोयता घ्यावा लागला. तिसरा माझ्या नवऱ्याच्या वाट्याला आला. आधीच्या न्हाणीघराच्या धाकामुळे तो गरिबानं दोनदा मागून खाल्ला, आणि मावसाजींना वाटलं, जमलं.

पुढे खरंच जमलं. शिळ्या डबलरोटीचे काप (आम्ही पाव म्हणतो, बालाघाटला डबलरोटीच म्हणतात) तूप लावलेल्या डब्यात मांडायचे. त्यावर कांदा, टमाटे, वटाणे, हिरवी मिरची आणि मूठभर सांबार, म्हणजे आपली कोथिंबीर. त्यावर पुन्हा काप. मग बेसन, दही आणि दूध एकत्र घोटून, हळद-मीठ घालून ते सगळ्यावर ओतायचं, झाकण लावायचं आणि डबा फ्रिजमध्ये ठेवून द्यायचा. मावसाजींच्या मते खरी कला इथे आहे. “यानंतर काही नाई कराचं,” ते बोट वर करून सांगतात. “हेच लोकाइले जमत नाई. मुरू द्या लागते.” सकाळी वरून तीळ-मोहरीची फोडणी घातली, डबा ओव्हनमध्ये ठेवला, की आंघोळी आटपेपर्यंत घरभर असा वास सुटतो की शेजारचे लोक काहीतरी निमित्त काढून येतात.

या पदार्थाला अजून नाव नाही. पुण्याचे पाहुणे त्याला केक म्हणतात, नागपूरची मुलं पिझ्झा म्हणतात, एका गुजराती शेजाऱ्यांनी त्याला हांडव्याचा चुलत भाऊ ठरवलं. मावशी फक्त ‘तुमचं ते’ म्हणते. “तुमचं ते ठेवलं का वो फ्रिजात?” नाव काहीही असो, हेतू सफल झाला. सकाळी मावसाजी खुर्ची ओढून मावशीला पाहुण्यांच्या बरोबर समोर बसवत. सुरुवातीला ती तोंडी परीक्षेला आल्यासारखी बसे, पदर सावरत, कान आतल्या भांड्यांकडे लावून. मधेच उठू लागली की मावसाजी नुसतं “हं!” करत. पाहुणीनं मदतीला म्हणून आत जायचं ठरवलं तरी तेच दारात आडवे. “रसोई में प्रवेश निषेध.” हळूहळू मावशीही रुळली. कोणाच्या सुनेला गालावर खळी पडते, कोणाचा नातू बोबडा बोलतो, कोणाचं नवरा-बायकोचं बिनसलेलं आहे, हे सगळं तिला पाहुणे चहा संपवायच्या आत समजू लागलं. मावसाजी ओव्हनच्या खिडकीतून डोकावून परत येत आणि तिला गप्पा मारताना बघून असे फुलत, की त्यांना एकदाचा वाघ दिसला असं वाटावं.

आणि मग माझी आई त्यांच्याकडे आली.

आई मावशीची मोठी बहीण. बाबा गेल्यावर ती गोंदियाच्या घरात एकटी राहत होती. गोंदिया आणि बालाघाट म्हणजे घरअंगणच. मधे राजेगाव आलं की राज्य बदलतं, पण बसमध्ये धड डुलकीही लागत नाही. दोघी बहिणी मनात आलं की एकमेकींकडे जायच्या. पण माझ्या भावानं बंगळुरूला मोठं घर घेतलं, आणि आईनं आता तिकडेच यावं असं ठरलं. गोंदियाचं घर विकायला काढलं, सामान बांधून झालं. भाऊ तिकडे शेवटची आवराआवर करत होता. दुपारी बंगळुरूच्या गाडीत बसायचं, त्याच्या आदली रात्र आईनं बहिणीकडे काढायची, असं ठरवून मी तिला बालाघाटला घेऊन गेले.

मावसाजींनी ही गोष्ट आयुष्यातल्या सर्वांत मोठ्या पाहुणचारासारखी मनावर घेतली होती. दिवेलागणीलाच ते डबा घेऊन बसले. काप एकसारखे, टमाट्याच्या चकत्या एकसारख्या. मला हळूच म्हणाले, “उद्या ह्या दोघीइले एक भांडं उचलू नाई द्यायचं. समोरासमोर बसतीन अन् मनभर बोलतीन. पुन्हा कधी भेट होते अन् कधी नाई.”

सकाळी ठरल्याप्रमाणे सगळं झालं. आंघोळी झाल्या, ओव्हन लागला, पुढच्या खोलीत ऊन आलं. मावसाजींनी दोघींना दोन खुर्च्यांवर समोरासमोर बसवलं, मधे चहा ठेवला, आणि आपण बाजूला स्टुलावर कौतुकानं बसले.

“झोप लागली का गं?” आईनं विचारलं.

“लागली. तुले?”

“लागली.”

मावशीनं पंख्याकडे पाहिलं. आईनं कपाचा कान फिरवला.

“तुह्ये घुडघे?” आईनं विचारलं.

“हायेत.”

चहा पिऊन झाला. आईनं खिडकीबाहेरच्या जास्वंदीची चौकशी केली, मावशीनं तिला कीड लागल्याचं सांगितलं. दोघींनी एकमेकींच्या डोळ्यांकडे बघायचं टाळलं होतं, जणू बघितलं तर काही सांडेल. मावसाजी अस्वस्थ झाले. त्यांनी वाघाचा विषय काढला. आई “हौ का?” म्हणाली आणि वाघ तिथेच मेला. मला कळेना. या दोघी माझ्या लहानपणापासून कधी गप्प बसलेल्या मी पाहिल्या नव्हत्या. मग आठवलं, पण अशा नुसत्या बसलेल्याही कधी पाहिल्या नव्हत्या. एक मेथी खुडायची, दुसरी पीठ मळायची, आणि बोलणं मधल्या जागेतून आपोआप वाहायचं. आता चार हात मांडीवर रिकामे पडले होते आणि त्यांच्याबरोबर बोलणंही पडलं होतं.

मावसाजी काही वेळ त्या हातांकडे बघत राहिले. मग उठून आत गेले. आतून झाकण उघडल्याचा आवाज आला, मागचं दार वाजलं, आणि थोड्या वेळानं ते पडलेल्या चेहऱ्यानं बाहेर आले.

“बिघडलं,” ते म्हणाले.

“आँ? कच्चं राह्यलं का?” मावशीनं विचारलं.

“कच्चं बी हाये अन् जळलं बी हाये. खाण्याच्या कामाचं नाई. आता तूच पाह्य बाप्पा काय करतं ते.”

मावशी ताडकन उठली. तिच्या गुडघ्यांना मी त्या वर्षात इतक्या लवकर हुकूम पाळताना पाहिलं नव्हतं. “म्या म्हणलंच होतं, त्या डब्बड्याच्या भरोशावर राहू नका म्हणून! ताई, तू बस, मी वटाण्याच्या करंज्या टाकतो पटकन.”

“पटकन कशा होतीन करंज्या? शेंगा सोलाच्या हायेत न अजून?” आई उठलीच. “मी येतो. आण इकडं परात.”

दारातून आत जाणाऱ्या आईला बघून मावसाजींचा हात सवयीनं आडवा झाला. मग त्यांनी तोच हात डोक्यावरून फिरवला आणि बाजूला झाले.

मी हात धुवायला मागे गेले, तर मावसाजी मागच्या पायरीवर बसलेले. मांडीवर टॉवेल, टॉवेलमध्ये डबा. मी टॉवेलाचं टोक उचललं. वाफेचा लोट आला. वरून सोनेरी, कडेला जरा खरपूस, तीळ फुललेले, मधे हलकं फुगलेलं. इतकं सुंदर ‘ते’ मी त्याआधी पाहिलं नव्हतं.

“मावसाजी, अहो हे तर…”

“चूप राह्य.”

“पण काय मस्त झालंय!”

“मले मालूम हाये नं,” ते कळवळून म्हणाले. “आजपावतो असं झालंच नव्हतं बाप्पा.”

मी त्यांच्या शेजारी बसले. स्वयंपाकघराची खिडकी आमच्या डोक्यावरच होती. आतून शेंगा फुटल्याचा आवाज येत होता, पट्, पट्. आधी कोणाच्या तरी लग्नातली साडी झाली, मग गोंदियाच्या घराला कोण गिऱ्हाईक आलं होतं ते झालं. एकीच्या बोलण्यात दुसरी आपलं घालत होती, नेहमीसारखी. मग एकदम आईचा आवाज खाली आला.

“बेबी, मले नाई जायाचं गं.”

माझ्या मावशीला अख्ख्या जगात बेबी म्हणणारी आता एवढीच उरली होती. शेंगांचा आवाज थांबला नाही.

“मंग सांगत काहून नाई तू त्याले?”

“काय सांगू? किती हौसेनं खोली सजवली म्हणते माह्यासाठी. पोरगा वाईट असता तं भांडली असती मी. चांगला हाये, हेच तं वांधं हाये.”

मी उठले. ही गोष्ट आईनं मला कधी सांगितली नव्हती, भावालाही नाही. सामान बांधताना ती हसतच होती. मावसाजींनी माझा हात धरून मला खाली बसवलं.

“नको जाऊ आत्ता,” ते हळू आवाजात म्हणाले. “तुह्यापाशी नाई बोलन ते. बोलू दे.”

आत पट्, पट् चाललंच होतं. मग मावशीचा आवाज आला. “तुले अजून शेंग सोलता नाई येत, ताई. पाह्य, अर्धे दाणे सालीतच. आपली माय म्हणे, हिले सासरी कसं खपवावं!” आणि आई हसली. हसता हसता तिचा आवाज फाटला आणि मग दोघींचे आवाज एकमेकींत मिसळले, कोण रडतंय आणि कोण समजावतंय हे ओळखू येईना. मावसाजींनी डब्यातून एक वडी कापली आणि माझ्या हातावर ठेवली. “खा. गरम हाये तोवर.” मी खाल्ली. त्यांनी स्वतः घेतली नाही. ते भिंतीला टेकून, डोळे मिटून आतलं ऐकत बसले होते.

करंज्या व्हायला व्हायचा तेवढा वेळ लागला. खाऊन उरलेल्या आईच्या प्रवासाच्या डब्यात गेल्या. निघताना मावशी फाटकापर्यंत आली, दोघी आता एकमेकींकडे नीट बघत होत्या. आई गाडीत बसायच्या आधी मावसाजींपाशी थांबली.

“जवाईबापू, तुमचं ते लय चांगलं झालं होतं आज.”

मावसाजींनी आधी माझ्याकडे रागानं पाहिलं. मी नाही म्हणून मान हलवली.

“मले कोणी नाई सांगितलं,” आई म्हणाली. “बिघडलेल्याचा वास असा नसते.” आणि तिनं आपल्या धाकट्या बहिणीच्या नवऱ्याला, रीत सोडून, वाकून नमस्कार केला. मावसाजी चार पावलं मागे सरकले. “अवो ताई, हे काय, हे काय,” म्हणत त्यांनी चष्मा काढला आणि पुसायला घेतला.

आई बंगळुरूला गेली. भाऊ-वहिनी तिला खरंच जपतात. स्वयंपाकाला बाई आहे, धुण्याला यंत्र आहे, आईला पाण्याचा पेलासुद्धा हातात मिळतो. सुरुवातीला रविवारी सकाळी मावशी फोन पिठाच्या डब्याला टेकवून ठेवायची, समोर लसूण सोलत बसायची आणि पडद्यावर आई यायची. पण तिकडे आईचे हात रिकामे. ती पदराचं टोक बोटाला गुंडाळायची, सोडायची, पुन्हा गुंडाळायची, आणि बोलणं लवकर संपायचं. मावसाजी दाराआडून हे बघत असत.

मी बंगळुरूला जायला निघाले तेव्हा त्यांनी एक जड थैली माझ्याकडे दिली. आत चिन्नोर तांदूळ होता, आमच्या भागातला, शिजला की चार घरं ओलांडून वास जाणारा. मी मूठभर हातात घेतला, तर खडे, तूस, काळे दाणे.

“मावसाजी, हा निवडलेला नाही.”

“नाईच,” ते म्हणाले. “निवडून द्याले तयार होता गिरणीवाला. म्या म्हणलं, हात लावू नको.”

पुढच्या रविवारी आईनं ताट मांडीवर घेतलं, चष्मा लावला, आणि दोघी बहिणी जेवणाची वेळ होईपर्यंत बोलत होत्या.

परवा वहिनीचा फोन आला होता. म्हणाली, “तांदूळ केव्हाचा निवडून झालाय, पण मावशींचा फोन आला की आई तोच पुन्हा ताटात ओतून घेतात. स्वच्छ आहे म्हटलं तर म्हणतात, असू दे.” हे मी मावसाजींना सांगितलं. ते उठले, चपला पायात सरकवल्या आणि रिकामी थैली काखेत मारून गिरणीकडे निघाले.